मुंगीअण्णांची नोटीस

आमचे अण्णा किड्यांना नोटीस द्यायचे. मी थट्टा करतोय असं वाटेल, म्हणून आधीच सांगतो, मी फौजेत हवालदार होतो आणि मला थट्टा जमत नाही, जमते ती फक्त आरडाओरड. जे ओंडके उद्या करवतीखाली जायचे असत, ते आदल्या दिवशी कारखान्याच्या अंगणात उन्हात ओळीनं मांडायचे, हा अण्णांचा शिरस्ता. ऊन उतरायला लागलं की हातात लाकडी मोगरी घेऊन अण्णा यायचे, एकेका ओंडक्यावर ठोकायचे आणि दवंडी द्यावी तशा आवाजात सांगायचे, "उद्या करवत हाय. ज्यास्नी जायाचं हाय त्यांनी आजच जावा. मागनं बोल लावायचा न्हाई." मग मोगरी काखेत मारून घरी जेवायला, कारण दिवस मावळायच्या आत ताटावरून उठायचं हा त्यांचा दुसरा शिरस्ता.

मी त्यांना पहिल्यांदा पाहिलं ते हे करतानाच. मी कोरेगावकडचा. पेन्शनीत निघून घरी आलो आणि बायकोला माझा कंटाळा येईपर्यंत घरात बसलो. तिचं माहेर सांगलीच्या अलीकडे, कृष्णाकाठी. तिथल्या एका वाद्यांच्या कारखान्यात माल बाहेरदेशी पाठवायचं काम बघायला माणूस हवाय असं तिच्या भावानं कळवलं. फौजेत मी स्टोअर सांभाळलेलं, तेव्हा पेट्या भरणं आणि वेळेवर गाडी काढणं यात मला कुणी शिकवायचं कारण नव्हतं. फाटकातून आत आलो तर मालक ओंडक्याशी बोलत होते. मी उलट पावली फिरणार, तेवढ्यात मागे न बघता ते म्हणाले, "थांबा हवालदार. ह्यांचं झालं की तुमचं." मी हवालदार आहे हे त्यांना मेहुण्यानं सांगितलं होतं की माझ्या बुटांच्या आवाजावरून त्यांनी ओळखलं, हे मला आजतागायत कळलेलं नाही.

मागं सगळा कारखाना त्यांना मुंगीअण्णा म्हणायचा. त्याचं कारण मला पहिल्याच महिन्यात कळलं. माल भरलेला ट्रक फाटकातून बाहेर काढत होतो आणि अण्णा आडवे आले. चाकासमोरून मुंग्यांची रांग चालली होती. ड्रायव्हर हॉर्न वाजवतोय, मागं रस्त्यावर उसाचे ट्रॅक्टर तुंबलेत, आणि मालक धोतराचा सोगा हातात धरून रांग संपायची वाट बघतायत. मी संतापून म्हणालो, "आवं अण्णा, गाडी थांबलीया!" ते शांतपणे म्हणाले, "गाडी थांबू शकती, हवालदार. मुंगीला थांबायचं ठावंच न्हाई." मी त्या दिवशी राजीनामा द्यायचं ठरवलं होतं. दुसऱ्या दिवशी सकाळी वेळेवर कामावर हजर झालो.

अण्णा जैन. घरचा ऊस आणि घरचीच लाकडाची वखार. वडिलांच्या काळापासून वखारीत ढोलकी-तबल्याची खोडं कातायची आणि मिरजेच्या कारागिरांना द्यायची, असा धंदा होता. खोड म्हणजे वाद्याचं लाकडी अंग. त्यावर चामडं चढायचं ते दुसऱ्याच्या घरी. या घरात चामड्याला कुणी शिवत नव्हतं. अण्णांच्या पायात कॅनव्हासचे बूट असत आणि कमरेला कापडी पट्टा. लहानपणी गावच्या जत्रेत हलगी कडाडली की हा पोरगा माणसांच्या पायातून वाट काढत पुढं जायचा, पण तिला हात लावायची सोय नव्हती. "आमी जल्मभर अर्धंच वाद्य केलं बघा," ते म्हणायचे. "धड आमचं, जीव दुसऱ्याचा." हे सांगताना त्यांची बोटं मांडीवर हलत असायची आणि त्यांना त्याचा पत्ता नसायचा.

पुढं पाचगणीच्या एका निवासी शाळेतला संगीतशिक्षक एक मोडकं परदेशी वाद्य दुरुस्तीला घेऊन आला. वाद्य कसलं, नुसतं लाकडी खोकं. त्याच्यावरच बसायचं आणि दोन पायांच्या मधल्या फळीवर हातांनी वाजवायचं. चामडं औषधालासुद्धा नाही. अण्णांनी फळी बदलली, वर बसले आणि हलगीचा ठेका धरला, लहानपणापासून कानात साठवलेला. आक्का, म्हणजे अण्णांच्या पत्नी, मला ही गोष्ट फार वेळा सांगायच्या. "मी जेवायला हाका मारमारून दमले. दिवस बुडाला तरी हे खोक्यावरच. मग काय, राह्यले उपाशी. लग्नाला इतकी वर्सं झाली, पर ह्यांनी जेवणाची वेळ चुकवलेली मी तेवढी एकदाच बघितली."

त्या खोक्यावरून कारखाना उभा राहिला. गावानं पोटभर हसून घेतलं. "खोक्यावर बसून खोकंच बडवायचं आणि वर पैसं मागायचं," असं पारावरची माणसं म्हणत. अण्णा म्हणायचे, "हसू द्या की. हसायला बी तालच लागतो." खोक्यांमागून आंब्याच्या नि जांभळाच्या ओंडक्यात कातलेले उभे ढोल आले, त्यांना वरून चामड्याच्या जागी फायबरचं पान. शिवा मिस्त्री कातकाम बघायचा, सुमनबाईंच्या हाताखाली बायका पॉलिश करायच्या आणि मी पेट्या भरायचो. दुपारचा चहा झाला की अण्णा त्या दिवशीच्या मालातलं एक खोकं ओढून घेत, वर बसत आणि डोळे मिटून वाजवत. सगळी शेड हात थांबवून ऐकायची. आवाज पसरट आला की म्हणायचे, "वाजलं पायजे, बोंबललं न्हाई पायजे. मिस्त्री, फळी उतरवा." हेच वाक्य ते मी ड्रायव्हरवर ओरडत असलो की माझ्याकडे बघूनही म्हणत.

परदेशात हा माल घेणाऱ्या एक बाई होत्या, तिकडच्या शाळांना वाद्यं पुरवायच्या. त्यांना आमचं सगळ्यात काय आवडलं असेल, तर चामडं नाही हे. त्यांनी एक चिठ्ठी छापून पाठवली, प्रत्येक वाद्याच्या पोटात चिकटवायला. मी अण्णांना अर्थ सांगितला, "हे वाद्य करताना एकाही जिवाला इजा झालेली नाही." अण्णांनी ती चिठ्ठी उलटीसुलटी करून पाहिली. "आमची आज्जी म्हणायची तेच की हे," ते म्हणाले आणि पहिली चिठ्ठी त्यांनी स्वतःसाठी ठेवलेल्या खोक्याला आतून लावली. इतकं खूश झालेलं मी त्यांना त्याआधी पाहिलं नव्हतं.

तोवर आमचा माल मुंबईचा एक व्यापारी उचलायचा आणि पुढं तोच जहाजावर चढवायचा. मग बाईंनीच सुचवलं की मधला माणूस कशाला, कंटेनर थेट तुमच्याकडून निघू दे. व्यापाऱ्याला आम्ही नमस्कार केला. मोठी मागणी आली. सगळी शेड कामाला लागली, उभे ढोल अंगणापर्यंत रचले गेले आणि माल जवळजवळ तयार झाला. अशात एका सोमवारी बंदरावरच्या एजंटाचा फोन आला. मी तो स्पीकरवर टाकला होता. अण्णा समोर चहा पीत होते.

"फ्युमिगेशन कुठं करायचं, तुमच्या आवारात की इकडे?" एजंटानं विचारलं.

"ते काय असतं?" अण्णा म्हणाले.

"धुरी हो. माल ताडपत्रीखाली झाकून गॅस सोडतात. लाकडातला किडा, त्याची अंडी, सगळं साफ. त्याच्याशिवाय तिकडे लाकूड उतरूच देत नाहीत."

"दुसरा कुठला उपाय?"

"भट्टीत तापवून घ्या. किडा मेल्याशी मतलब."

अण्णांनी कप खाली ठेवला. "आजपातूर तर कुणी मागितलं न्हाई," ते मला म्हणाले. मलाही तेच वाटत होतं. मी मुंबईच्या व्यापाऱ्याला फोन लावला. तो हसायलाच लागला. "अहो हवालदारसाहेब, दर खेपेला करत होतोच की! तुमचे मालक पडले देवमाणूस, म्हटलं त्यांना कशाला सांगायचं?"

"दर खेपंला?" अण्णांनी मला विचारलं. फोनमधल्या माणसाला नाही, मला. मी म्हणालो, "दर खेपंला."

त्या दिवशी अंगणात ओंडके मांडलेले होते. ऊन उतरलं, अण्णा मोगरी घेऊन आले, पहिल्या ओंडक्यापाशी उभे राहिले आणि बोललेच नाहीत. मी जवळ गेलो. "कुठल्या तोंडानं सांगू, हवालदार?" ते म्हणाले. "इतकी वर्सं ह्यांस्नी सांगत आलो, करवत हाय म्हणून. जे ऱ्हायले त्यांच्या म्होरं काय हाय ते मलाच म्हाईत न्हवतं." नोटीस न देता ते घरी गेले. दुसऱ्या दिवशी करवत चालली नाही.

आता माझी अवस्था सांगतो. गाडी शनिवारी दुपारी आवारातून हलायलाच हवी होती, नाहीतर जहाज चुकत होतं. धुरीला पुरता एक दिवस लागतो, म्हणजे शुक्रवारी ताडपत्री पडायलाच हवी होती. माल तिकडच्या शाळा उघडायच्या आत पोचला नाही, तर पुढची मागणी आपण दुसऱ्या देशात देऊ, हे बाईंनी गोड शब्दांत पण स्वच्छ सांगितलं होतं. व्यापारी आम्ही तोडलेला. ही मागणी गेली की शेडला कुलूप, हे मला कळत होतं, मिस्त्रीला कळत होतं, पॉलिशवाल्या बायकांना तर माझ्या आधी कळलं होतं. धुरीवाल्यांना मी शुक्रवारचं सांगून ठेवलं आणि अण्णांच्या होकाराची वाट बघत बसलो. फौजेत हुकमाची वाट बघायची सवय असते, पण तिथं हुकूम येतोच.

घरी आक्कांनी समजूत घालून पाहिली. "गृहस्थाला उद्योगातली हिंसा सुटत न्हाई, हे शास्त्रातच हाय. ऊस लावताना मरत न्हाईत व्हय जीव?" अण्णा म्हणाले, "सुटत न्हाई म्हणून सांगितलंय. टोचायचं बी न्हाई, असं कुठं सांगितलंय?"  आक्कांनी दोघांचंही जेवण झाकून ठेवलं.

बुधवारी शिवा मिस्त्रीनं डोकं चालवलं. मिस्त्री बोलका नव्हता, पण त्या दिवशी तो अण्णांच्या पुढ्यात येऊन बसला. "आवं अण्णा, तुमी नोटीस दिली. लाकूड उन्हात वाळलं. मी सोता कातलं. आत कोण हायच न्हाई. मग धुरी मारणार कुणाला? मोकळ्या घराला धुरी दिली तर पाप कसलं?"  अण्णांच्या चेहऱ्यावर सोमवारनंतर पहिल्यांदा जरा रंग आला. "व्हय की," ते म्हणाले. "मोकळंच हाय की घर. करा." मी मिस्त्रीला त्या दिवशी माझ्या पैशानं भजी खायला घातली.

गुरुवारी सकाळी शेड उघडली आणि एका ढोलाखाली पिठाची बारीक ढिगुली दिसली.

लाकडाच्या धंद्यातल्या माणसाला ते पीठ ओळखायला वेळ लागत नाही. आत भुंगेरा जिवंत आहे आणि तो लाकूड कोरतोय. मी पायानं ते पुसून टाकणार होतो, पण अण्णा माझ्या मागेच उभे होते. ते खाली बसले, पीठ बोटावर घेतलं, मग ढोलाला कान लावला. "हाय," ते म्हणाले. "घरात हाय." मग ते दुसऱ्या ढोलाकडे गेले, तिसऱ्याकडे, अख्खी रास कान लावून ऐकत फिरले. आणखी दोन-चार ढोलांखाली पीठ सापडलं. मी म्हणालो, "एवढं बाजूला काढू. बाकीचं पाठवू. बाईंना मी सांगतो, थोडं कमी हायत म्हणून." अण्णा म्हणाले, "आणि जे गप बसल्यात ते?" 

 दुपारपर्यंत शेडमध्ये पॉलिशचा बोळासुद्धा बायका आवाज न करता फिरवत होत्या. एजंटाचे फोन येत होते आणि मी ते कापत होतो. अण्णा आपल्या खोक्यावर बसून होते, हात मांडीवर, बोटं स्थिर. चहा आला तो तसाच निवला. शेवटी सुमनबाई उठल्या. त्यांच्या नवऱ्याचा हात ऊसतोडीत गेलेला, दोन्ही पोरी शाळेत. त्या अण्णांच्या समोर उभ्या राहिल्या आणि पदराला हात पुसत म्हणाल्या, "अण्णा, एक इचारू? किड्यास्नी तुमी आदल्या दिवशी नोटीस देता. आमास्नी कवा देताय तेवढं सांगा. म्हंजे आमी बी दुसरीकडं बघतो."

त्या रागानं बोलल्या नाहीत. राग असता तर बरं झालं असतं. मला वाटलं, अण्णा आता उठून घरी जातील. ते तसेच बसून राहिले आणि त्यांच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं. पुसायचंही त्यांना सुचलं नाही. मग ते म्हणाले, "बाई, तुमास्नी नोटीस न्हाई. हवालदार, बोलवा धुरीवाल्यास्नी."

मला हायसं वाटलं आणि त्याच क्षणी मनात काहीतरी तुटलंही. मी त्यांना बाजूला घेतलं. म्हणालो, "अण्णा, तुमी दोन दिस भणीकडं जावा. मी समदं उरकून घेतो, धुरीच्या कागदावर सही बी माझी करतो. तुमाला बघायला नगं." अण्णांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. "आजपातूर न बघता झालं, हवालदार. आता बघून होऊ द्या. सही माझीच." थोडं थांबून म्हणाले, "पर नोटीस दिल्याबिगर न्हाई. उद्या दुपारपातूर मला द्या."

शुक्रवारी सकाळी धुरीवाल्यांची गाडी आली आणि आम्ही उभ्या रचलेल्या राशी मोडून ढोल अंगणात पसरायला लागलो. धुरीवाल्यांच्या प्रमुखाला वाटलं, आम्हाला काम कळलेलं नाही. "रचलेलं मोडताय काय? उशीर झाला तर मी सर्टिफिकेट देणार नाही," तो माझ्यावर ओरडला. ओरडण्यात मला हरवणारा माणूस अजून जन्मायचाय. मी त्याला सांगितलं की दुपारपर्यंत तू आमचा पाहुणा आहेस, जांभळीखाली बस आणि चहा पी. तो घड्याळ बघत बसला. मीही बघत होतो, फक्त त्याला दिसू देत नव्हतो.

सगळे ढोल उन्हात मांडून झाले. अण्णांनी मोगरी उचलली, पण एवढ्या मालाला एक मोगरी कुठं पुरणार? ते पहिल्या ढोलापाशी वाकले आणि मोगरी ठेवून तळहातानंच थाप मारली. "आज धुरी हाय," ते म्हणाले. त्यांचा आवाज पहिल्या रांगेच्या पुढं जात नव्हता. मग मिस्त्रीनं दुसऱ्या ढोलावर थाप मारली. सुमनबाईंनी तिसऱ्यावर. बघता बघता सगळी शेड अंगणात उतरली आणि ज्याला जो ढोल सापडेल तो बडवायला लागली. कुणाला ताल येत होता, कुणाला नव्हता. आक्का घरातून आल्या आणि त्यांनी भाकरी थापावी तसा दोन्ही हातांनी एक ढोल धरला. मी खाली बसलो. मला परेडचा ठेका तेवढा येतो, तो मी वाजवला. धुरीवाला तोंड उघडं टाकून बघत होता. गावातली माणसं कुंपणापाशी जमली, त्यांना वाटलं कसला तरी सण आहे. आम्ही घामानं निथळत होतो आणि आमच्यातला एकही माणूस हसत नव्हता.

मध्येच सुमनबाई ओरडल्या, "निघाला, निघाला!" सगळे धावले. अण्णाही धावले. ढोलाच्या कडेवरून एक तांबूस ठिपका चालला होता. मिस्त्रीनं वाकून बघितलं आणि म्हणाला, "मुंगी हाय गं बाई ती. बाहीरनंच चढलीया." तेवढं मात्र सगळे हसले, अण्णासुद्धा. त्यांनी ती मुंगी कागदावर घेतली आणि जांभळीच्या बुंध्यावर सोडून आले. खरं सांगायचं, तर भुंगेरा मला एकही बाहेर पडलेला दिसला नाही. कुणालाच दिसला नाही.

दुपारी ढोल पुन्हा रचले गेले. ताडपत्री पडली, कडांना वाळूच्या पिशव्या ठेवल्या, कवटीचं चित्र असलेली पाटी लागली आणि दोरी बांधून आम्हाला लांब केलं. मुखवटे घातलेल्या माणसांनी गॅस सोडला. त्याचा ना धूर दिसला ना आवाज आला. दोरीच्या अलीकडे अण्णांनी आपलं खोकं आणून ठेवलं, त्यावर बसले आणि शनिवारी ताडपत्री उघडेपर्यंत पाण्याशिवाय काही घेतलं नाही. आक्का दोन वेळा ताट घेऊन आल्या आणि परत गेल्या. तिसऱ्या वेळी ताट न आणता आल्या आणि शेजारी जमिनीवर बसल्या.

गाडी वेळेत निघाली. जहाज मिळालं. बाईंचं कौतुकाचं पत्र आलं, पुढची मागणी आली, शेड चालू राहिली. आम्ही पेढे वाटले. अण्णांनी पेढा घेतला, दुपारचा चहा घेतला, आणि चहानंतर उठून शेडमध्ये मालाची पाहणी करायला गेले. खोकं होतं तिथंच राहिलं. आम्हाला वाटलं, आज मन नसेल. दुसऱ्या दिवशीही तेच, पुढच्या आठवड्यातही तेच. शेवटी मीच म्हणालो, "अण्णा, वाजवा की. कान आसुसल्यात." ते म्हणाले, "वाजवतो मिस्त्री. त्याचा हात बरा हाय." नंतर एकदा, आम्ही दोघंच असताना, त्यांनी सांगितलं. "दुसऱ्याचं घर मोकळं करून त्याच्यावर बसून ताल धरायचा, हे न्हाई जमत हवालदार. धंदा करीन. तेवढा तुमा सगळ्यांसाठी. पर सुख न्हाई घेनार त्यातनं." जत्रेतल्या हलगीला हात लावता येत नव्हता, म्हणून ज्यानं आपलं वाद्य शोधून काढलं, त्यानं ते स्वतःहून सोडलं. मला याचा फार राग आला होता. अजूनही येतो.

वाद्याच्या पोटातली ती चिठ्ठीही त्यांनी बंद केली. बाईंना मी फोनवर समजावलं, तर त्या म्हणाल्या, किडे कोण धरतं त्यात? मी अण्णांना तसंच सांगितलं. "त्या धरत नसत्याल," अण्णा म्हणाले, "आमी धरतो. खोटं चिकटवायचं न्हाई." माल चिठ्ठीशिवाय जायला लागला आणि तिकडे कुणाचं काही अडलं नाही.

नोटीस मात्र पुन्हा सुरू झाली आणि वाढली. आता ओंडके आठवडाभर उन्हात पडायचे, अण्णा रोज ठोकायचे, आणि शेवटच्या दिवशीच्या दवंडीत एक वाक्य जास्तीचं असायचं. "उद्या करवत हाय. करवतीतनं वाचलासा तर म्होरं धुरी हाय. आजच जावा." मी म्हणालो, एवढं सगळं कशाला सांगायचं? म्हणाले, "अर्धी नोटीस म्हंजे फसवणूक." आठवडाभर लाकूड अडकून पडतं म्हणून मी पुष्कळ आरडाओरडा केला आणि मग गुपचूप सगळ्या तारखा आठवड्यानं पुढं धरायला लागलो.

गेल्या हिवाळ्यात अण्णा गेले. पहाटे झोपेतच. आदल्या दिवशी त्यांनी अंगणात येऊन ओंडके ठोकले होते आणि उद्या शेवटची नोटीस, परवा करवत, असं मिस्त्रीला बजावलं होतं. सकाळी सगळा गाव लोटला. आमच्याकडे माणूस गेला की हलगी लागते, पण जैनांच्यात ती रीत नाही, तेव्हा कृष्णेच्या घाटापर्यंत आम्ही मुक्यानंच चालत गेलो. अण्णांच्या मागून एवढे लोक तालाशिवाय चालले होते.

घाटावरून परत आलो तेव्हा ऊन उतरत होतं. पॉलिशच्या बायका अंगणात भिंतीला टेकून बसल्या होत्या. ओंडके ओळीनं मांडलेले होते, शेवटच्या नोटिशीचा दिवस होता आणि नोटीस द्यायला कुणी नव्हतं. मी शेडमध्ये गेलो, खुंटीवरची मोगरी काढली आणि बाहेर आलो. मिस्त्री उठून उभा राहिला. मी पहिल्या ओंडक्यावर ठोकलं. परेड मैदानाच्या या टोकावरून त्या टोकाला जायचा माझा आवाज लावायला मला दुसऱ्यांदा ठोकावं लागलं. 

"उद्या करवत न्हाई," मी म्हणालो. "आत जे कोण असाल त्यांनी ऱ्हावा निवांत. अण्णा गेले."